तिसऱ्या सोमवारची बारी

स्वरालीने केशरी छत्री उंच धरली आणि नंदीच्या मंडपात पांगलेली आपली मंडळी एका खांबापाशी गोळा केली. गोळा केली म्हणजे काय, हाकलूनच आणली. बिबवेवाडीहून बस निघाल्यापासून ती सांगत होती की चपला बसमध्येच काढा. तरी निम्म्या चपला देवळाच्या पायरीवर होत्या, आणि आता प्रत्येकाचा एक डोळा देवाकडे होता नि एक पायरीकडे.

"अहो ताई, पडदा कधी उघडणार? पत्रकात साडेअकरा छापलंय," श्यामसुंदर आगाशे म्हणाले. बँकेतून निवृत्त झालेले हे गृहस्थ कात्रजपासून प्रत्येक गोष्टीत तिला दुरुस्त करत आले होते.

"देवाने पत्रक वाचलेलं नाही, सर. पूजा बांधून झाली की उघडेल."

एरवी या जिभेपायी तिला ऑफिसात ऐकून घ्यावं लागायचं. आज तिला त्याचं काही वाटत नव्हतं. वाईला पाठवा, जेजुरीला पाठवा, रोज पाठवा, पण चांदेश्वरची सहल पुष्करने न्यायची, हे तिने नोकरीला लागतानाच सांगून ठेवलं होतं. काल पुष्कर तापाने पडला आणि मालकांचा फोन आला, "तुझं गावच ना ते? मग उलट बरंच झालं." उलट बरंच झालं म्हणे. नाही म्हणायला तिने तोंड उघडलं, आणि समोर कॅलेंडर दिसलं. श्रावणातला तिसरा सोमवार. तिच्या वडिलांचा, अप्पांचा सोमवार. ती "जाते" म्हणाली आणि रात्रभर स्वतःवरच चडफडत राहिली.

आता मंडळी तिच्या तोंडाकडे बघत होती. तिने पाठ केलेलं बोलायला सुरुवात केली.

"चांदेश्वराच्या पिंडीवर श्रावणी सोमवारी दहीभाताची पूजा बांधतात. शिजवलेला भात दह्यात मळायचा, पिंडीवर थापायचा आणि ओल्या भातातून हाताने देवाचा चेहरा घडवायचा. साचा नाही, काही नाही. संध्याकाळी तोच भात प्रसाद म्हणून वाटून टाकतात. गावातल्या गुरवांच्या घरांनी सोमवार वाटून घेतलेत. ज्याची बारी असेल त्याने पूजा बांधायची. ही कला पित्याकडून पुत्राकडे जाते."

शेवटचं वाक्य ऑफिसने लिहून दिलेलं होतं. ते उच्चारताना तिच्या कानशिलांना घाम फुटला.

"आणि पुत्र नसेल तर?" आगाशेंनी विचारलं.

"मग भाऊ घेतो."

"मुलगी असेल तर?" हे त्यांच्या पत्नीने, कुसुमताईंनी विचारलं. सकाळपासून त्या प्रथमच बोलत होत्या.

"ती पुण्यात गाइड होते."

चार-दोन जण हसले. कुसुमताई हसल्या नाहीत. त्यांनी तिच्याकडे जरा जास्तच वेळ बघितलं, आणि स्वराली उगीचच छत्री मिटायला लागली.

मंडपात गावही बसलं होतं. पुढे म्हाताऱ्या बायका, मागे पुरुष, पोरं कठड्यावर. ओळखीचे चेहरे होते. कोणी तिला ओळखलं होतं, कोणी ओळखून न ओळखल्यासारखं केलं होतं. पडद्यामागून भांड्यांचे आवाज येत होते. आत रंगनाथकाका होते, अप्पांचे धाकटे भाऊ. अप्पा गेल्यावर त्यांच्या तेराव्याला सगळ्या गुरवांपुढे आणि गावापुढे काका म्हणाले होते, "मुलीच्या हाती गाभारा देत नाहीत." एवढंच. मग सगळे जेवायला बसले. स्वरालीने आणि तिच्या आईने पुढच्या महिन्यात गाव सोडलं.

"ताई."

बाजूच्या दगडी खिडकीपाशी आनंद उभा होता, काकांचा मुलगा. पुण्यात आयटी कंपनीत होता तो, बारीच्या दिवसापुरता गाडी घेऊन यायचा. त्याच्या कोपरापर्यंत भात लागला होता.

"बाबांनी बोलावलंय. मागच्या दाराने ये."

"कशाला?"

"ताई, प्लीज. सीन नको करूस. ये फक्त."

तिने कुसुमताईंना सांगितलं, जरा बसा, मी आलेच. देवळाला वळसा घालून ती विहिरीपाशी आली. गाभाऱ्यापुढच्या खोलीला इकडून एक बुटकं दार होतं. दारात तिने पाय ठेवला आणि दह्याचा, बेलाचा, ओल्या दगडाचा वास आला. तिला रडू येईल असं वाटलं होतं. आला तो नुसता संताप.

पिंडीवर भाताचा ढीग होता. एका बाजूने घसरून तो खाली आला होता. नाक होतं तिथे बोटांचे खड्डे होते. काका पाटावर बसून होते, उजवा हात मांडीवर, डाव्या हाताने धरलेला.

"अर्धांगाचा झटका येऊन गेला वैशाखात," ते म्हणाले. "गावात कोणाला सांगितलेलं नाही. डाव्या हाताने होईल वाटलं होतं."

"आनंद आहे ना."

"मला नाही जमत, ताई. मी ट्राय केलं," आनंद म्हणाला. "दोनदा पडला."

"बाहेर गाव बसलंय, स्वरा," काका म्हणाले. "या सोमवारी चेहऱ्याविना पडदा उघडला असं आजवर झालेलं नाही. तुझ्याच बापाचा सोमवार आहे. विहिरीवर दोन बादल्या अंगावर घे, ओलेत्याने ये आणि बांध. मग मागच्या दाराने निघून जा. कोणाला कळायचं नाही."

ती घसरलेल्या भाताकडे बघत राहिली. तोंड उघडलं असतं तर आवाज मंडपापर्यंत गेला असता.

"दादाच्या वेळी बांधायचीसच की," काका हळूच म्हणाले. "त्याचे हात कापायला लागल्यावर ते शेवटचे दोन श्रावण. तेव्हा गेलीसच ना मागच्या दाराने. तेव्हा नाही राग आला?"

म्हणजे त्यांना ठाऊक होतं. तेराव्याला ते वाक्य टाकताना या माणसाला सगळं ठाऊक होतं. आणि वर हा प्रश्न. तेव्हा नाही राग आला? नव्हता आला. अप्पांनी डोक्यावर हात ठेवून "जा आता, कोणी बघायच्या आत" म्हटलं की ती आनंदाने पळत सुटायची, मंडपात येऊन बायकांत बसायची, आणि पडदा उघडल्यावर लोक अप्पांना हात जोडायचे तेव्हा तिचा ऊर भरून यायचा. वेडीच होती ती.

विहिरीवर जाऊन तिने अंगावर पाणी ओतून घेतलं. कंपनीचा निळा कुडता अंगाला चिकटला. ती आत आली, पण पिंडीजवळ गेली नाही.

"मी बांधते," ती म्हणाली. "तुम्ही दोघं बाहेर जा."

"म्हणजे?"

"बारी ज्याची, तो एकटा आत असतो. पूजा तोच बांधतो आणि पडदाही तोच ओढतो. तुमच्या बारीला तुम्ही अप्पांनासुद्धा आत थांबू दिलं नव्हतंत."

"अगं, पण पडदा तू ओढलास तर..."

"तर मी दिसेन."

काकांचा चेहरा काळवंडला. "लोक काय म्हणतील?"

"ते मी ऐकून घेईन. तुम्ही नका काळजी करू."

"स्वरा, मी हात जोडतो तुला."

"एक हात आहे, काका. कसा जोडाल?"

हे ती बोलून गेली आणि आनंदने मान फिरवली. तिला स्वतःलाही ते लागलं. पण तिने शब्द मागे घेतला नाही. बाहेर कोणीतरी घसा खाकरला. एका पोराला आईने दटावलं.

"भात सुकतोय," ती म्हणाली.

काका उठले. सोवळ्याचा काठ सावरत, डाव्या हाताने भिंत धरून ते त्या बुटक्या दारातून वाकून बाहेर गेले. मागून आनंद गेला. तिने दार लोटलं, आतून कडी घातली.

सगळा भात तिने खाली काढला, परातीत पुन्हा दही घालून मळला आणि पिंडीवर थापला. लहानपणी अप्पा तिला पालथ्या पातेल्यावर हे शिकवायचे आणि आई ओरडायची, अन्नाशी कसले खेळ चाललेत. हात विसरले असतील अशी तिला धास्ती होती. हात काही विसरले नव्हते. कपाळ झालं, गाल झाले, नाक उभं राहिलं. मिशीला तिने बुक्का लावला, कपाळाला भस्म. मग डोळे आले. अप्पा नेहमी सांगायचे, पापणी खाली घे, देवाने माणसावर डोळे रोखायचे नसतात. बोट तिथे नेऊन ती थांबली. आणि पापणी खाली घेतली नाही. डोळे उघडे ठेवले, टक्क उघडे, आणि त्यांत बुक्का भरला.

बेल वाहून झाल्यावर तिने हात धुतले आणि पडदा ओढला.

पुढच्या बायकांचे जोडलेले हात तसेच राहिले. आगाशेंनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला आणि या खेपेला काही दुरुस्त केलं नाही. लोक आधी देवाकडे बघत होते, मग दाराशी ओल्या कपड्यांत उभ्या असलेल्या तिच्याकडे, मग पुन्हा देवाकडे.

"आज बारी कुनाची हाय?" पहिल्या रांगेतल्या द्वारकाबाईने विचारलं. म्हातारीची नजर अधू झाली होती, आवाज मात्र खणखणीत होता.

सगळ्यांच्या माना काकांकडे वळल्या. ते खांबापाशी उभे होते. ते देवाकडे बघत होते आणि त्यांचे डोळे भरून आले होते.

"दादाची," ते म्हणाले. "माझ्या दादाची बारी आहे आज."

मंडपात सुस्कारे सुटले. कोणी मान डोलावली, कोणी गालावर हात मारून घेतले. अप्पा गेल्यापासून अकरा वर्षांत काकांनी या देवळात ते नाव काढलं नव्हतं. इथेच सगळं मिटवता आलं असतं. सगळ्यांना बरं वाटलं असतं, आईलासुद्धा.

"अप्पांची नाही," ती म्हणाली. "त्यांचे शेवटचे दोन श्रावणही मीच बांधले होते. अप्पांनी कधी कोणाला सांगितलं नाही. माझी बारी आहे."

काकांनी मान खाली घातली. तिला वाटलं, आता कुजबुज होईल, कोणी उठून जाईल, कोणी ओरडेल. तिने त्याची तयारी केली होती.

"अगं, ते काय आमाला म्हाईत नव्हतं व्हय?" द्वारकाबाई म्हणाली. "तुझ्या बापाचं हात थरथराया लागल्यावर बी नाक सरळ यायचं. सगळ्या गावाला म्हाईत हाय. लाव आता आरती, कवाधरनं बसलोय."

मागे कोणीतरी हसलं, मायेनेच हसलं. बायका सरसावून बसल्या.

स्वरालीने काडी ओढली होती. ती तशीच हातात धरून ती मंडपाकडे बघत राहिली. तेराव्याला पंगतीत बसलेले सगळे इथे होते. द्वारकाबाई होती, तिच्या शेजारच्या दोघी होत्या, मागे बाकीच्या घरांचे तिघे गुरव होते.

"मग तेव्हा का नाही बोललात?" तिने विचारलं. "काका बोलले तेव्हा. तुम्ही सगळे समोर बसला होतात."

द्वारकाबाईने पदर उगीच पुढे ओढला. मंडपात फक्त कुसुमताई सरळ तिच्याकडे बघत होत्या.

काडी बोटापर्यंत जळत आली. तिने ती टाकून दिली, दुसरी ओढली आणि निरांजन लावलं.