रक्तपेढीतल्या तारखा

इंडोनेशियातल्या सेमारांग शहरातल्या सगळ्या रक्तपेढ्यांचा साठा एकाच स्क्रीनवर दिसावा, असं काम आमच्याकडे होतं. बाकीच्या पेढ्या जोडून झाल्या होत्या. ही सर्वांत जुनी तेवढी अडून बसली होती, आणि दुपारी महापौर उद्घाटनाला येणार होते. म्हणून आमच्या प्रमुख वेनिंगबाई, सगळ्यांच्या बू वेनिंग, स्वतः आल्या. सोबत बोंदान आणि मी.

बोंदानने बटण दाबलं. पुन्हा तीच लाल ओळ.

"बू, सगळं काढून टाकतो आणि नव्याने टाकतो," तो म्हणाला.

"आणि बिघडलंय काय ते कळणार कधी? आधी वाच तरी."

"वाचलंय हो."

"मोठ्याने वाच. मी म्हातारी झालेय."

बोंदानने तोंड वाकडं करून वाचलं. ड्रायव्हर आणि सॉफ्टवेअर यांची जात जुळत नाही, असा त्याचा अर्थ होता. ड्रायव्हर म्हणजे जुन्या डेटाबेसचं बोलणं आमच्या सॉफ्टवेअरला समजावून सांगणारा दुभाषा. आमचं सॉफ्टवेअर चौसष्ट बिटचं, मशीनवरचा ड्रायव्हर बत्तीस बिटचा.

बोंदानने लगेच सर्वांत नवा चौसष्टचा ड्रायव्हर टाकला. लाल ओळ बदलली, गेली नाही. आता जुना डेटाबेसच त्याला ओळख देईना.

"हा फारच नवा झाला," बू वेनिंग म्हणाल्या. "चौसष्टचाच हवा, पण या डेटाबेसच्या काळातला. शोध. आणि एका वेळी एकच गोष्ट बदलायची, बरं का!"

तसा ड्रायव्हर सापडला. बटण दाबलं आणि पिशव्यांची यादी भराभरा वर सरकू लागली. बोंदानने टाळी वाजवली. पेढीचे प्रमुख डॉक्टर सुबाग्यो धावत आले.

"झालं ना? सांगू महापौरांच्या ऑफिसला?"

"थांबा पाक डॉक्टर," बू वेनिंग अदबीनं म्हणाल्या. चष्मा कपाळावर चढवून त्या स्क्रीनला नाक लावून बसल्या होत्या. "या प्लेटलेट सात ऑगस्टपर्यंत चालतील म्हणतंय."

"प्लेटलेट? आज सहा जुलै आहे. त्या पाच दिवसांच्या वर टिकत नाहीत."

"तेच तर. तुमच्या जुन्या स्क्रीनवर ही पिशवी काढता?"

जुन्या स्क्रीनवर तारीख होती आठ जुलै.

मी दोन्ही तारखा कागदावर आकड्यांत लिहिल्या. मग लक्षात आलं. जुन्या डेटाबेसमध्ये तारखा नुसत्या आकड्यांत लिहिलेल्या होत्या. आपण दिवस आधी लिहितो. आम्ही टाकलेला ड्रायव्हर पहिला आकडा महिना समजत होता. बारा तारखेच्या पुढे मात्र त्याचा नाइलाज व्हायचा, कारण तेरावा महिना नसतो. त्या तारखा बरोबर उतरल्या होत्या, म्हणून यादी वरवर ठीक दिसत होती.

"म्हणजे खराब झालेली पिशवी महिनाभर चांगली म्हणून दिसली असती," डॉक्टर हळूच म्हणाले.

"हो. आणि कुणीतरी ती मागवलीही असती."

"पण बू, महापौर..." बोंदानने सुरुवात केली.

"महापौरांना रक्त चढवायचंय का आज?"

बोंदानला हसू आवरेना. डॉक्टर हसले नाहीत. त्यांनी खिशातून फोन काढला आणि आमच्यासमोरच उद्घाटन पुढे ढकलायला सांगितलं. पलीकडून बराच आवाज चढलेला ऐकू येत होता. "माझी जबाबदारी," एवढंच ते पुन्हा पुन्हा म्हणत राहिले.

बू वेनिंगनी तारीख कशी वाचायची ते ड्रायव्हरला नीट बजावून ठेवलं. मग यादी पुन्हा आणली आणि आम्हा दोघांना शीतगृहात पिटाळलं. आम्ही कुडकुडत एकेका पिशवीवरची तारीख ओरडून सांगत होतो, त्या बाहेर स्क्रीनवर ताडून पाहत होत्या. कुठे शंका आली की म्हणायच्या, "पुन्हा सांग रे राजा." कंटाळा म्हणून नाही त्यांना! डॉक्टरही कोट चढवून आमच्यात सामील झाले.

शेवटची पिशवी जुळली तेव्हा बू वेनिंगनी दुखरी मान चोळली आणि बोंदानला म्हणाल्या, "आता वाजव टाळी."

उद्घाटन दोन दिवसांनी झालं. महापौर जरा फुगलेले होते. डॉक्टरांनी भाषणात बू वेनिंगचं नाव घेतलं, तर त्या जागेवर नव्हत्याच. मी शोधायला बाहेर गेलो. त्या फाटकाजवळच्या गाडीवर टोफू आणि कोळंबीच्या भज्यांचं ताहू गिंबाल खात उभ्या होत्या.

"बू, आत टाळ्या पडतायत तुमच्यासाठी!"

"पडू देत. तू खाणार का? शेंगदाण्याची चटणी झकास आहे."

मी त्यांच्या शेजारी उभा राहिलो आणि एक प्लेट सांगितली.