नऊ वाक्यांचा बाप

या, असे पुढे सरकून बसा. आज एका नटाची गोष्ट सांगायची आहे. ती गोड नाही, पण मन लावून ऐका.

सेल्सो मगबानुआ मनिलाच्या सिनेमांत अठरा वर्षं मरत आला होता. कधी जमीनदाराचा गुंड, कधी दारुडा शिपाई. नायकाने ठोसा मारायचा, ह्याने पडायचं. एकोणीसशे एकोणसाठ साली म्यूनिकच्या एका कंपनीने जंगलपटासाठी त्याला बोलावलं आणि जन्मात पहिल्यांदा अख्खा प्रसंग त्याच्या वाट्याला आला. मेलेल्या मुलाशेजारी बसून बापाने बोलायचं. नऊ वाक्यं, जर्मनमध्ये.

म्यूनिकमध्ये तो राहायचा त्याच घरात वरच्या खोलीत दत्तात्रय होता. मूळचा साताऱ्याचा, तिथे डॉक्टरेट करणारा, कीर्तनकाराचा मुलगा. एके दिवशी सेल्सो भांडी विसळताना गात होता. त्याच्या गावी ईस्टरआधीच्या आठवड्यात येशूच्या यातनांची कथा गाऊन सांगतात, ती. दत्तात्रयला शब्द एक कळेना, पण ऐकणाऱ्याचा गळा कुठे दाटतो ते नेमकं कळलं. वडिलांची आठवण येऊन तो दारातच उभा राहिला.

"मला ती नऊ वाक्यं शिकव, प्रोफेसर," सेल्सो म्हणाला. "माझं तोंड लोकांनी पुष्कळ पाहिलंय. ह्या खेपेला आवाज ऐकू दे."

तीन आठवडे दत्तात्रयने त्याला घासून घेतलं. एकेका उच्चारासाठी वीसवीसदा. त्या निमित्ताने रोजची जर्मनही सेल्सोच्या कानात बसली. शेवटी घरमालकीण म्हणाली, "गेनाऊ! अगदी बरोबर! हा तर हॅनोवरचा शाळामास्तर, सगळ्यात शुद्ध जर्मन तिथलीच." दत्तात्रयची छाती फुगली. चित्रीकरणाच्या दिवशी दिवेवाल्याने डोळे पुसले, असं सेल्सो सांगत आला.

पहिल्या खेळाला दोघे शेजारी बसले. तो प्रसंग आला. पडद्यावर ओठ सेल्सोचे हलले, आवाज भलत्याचाच निघाला. चिरका, मोडक्यातोडक्या जर्मनमधला. मुलगा मेलेला, बाप रडतोय, आणि थिएटर खदखदून हसतंय.

"हे कोण बोलतंय?" सेल्सोने हळूच विचारलं. 

बाहेर आल्यावर दत्तात्रयने दिग्दर्शकाच्या सहायकाला गाठलं; सेल्सो दोन पावलं मागे उभा होता. सहायक सहज म्हणाला, "आल्झो, म्हणजे तसं काम उत्तम होतं हो. पण जंगलातला माणूस इतकं शुद्ध बोलतो होय? लोकांना पटेना. जरा अडखळला असता तर त्याचाच आवाज ठेवला असता."

"काय म्हणाला?" सेल्सोने विचारलं.

"रेकॉर्डिंगचं मशीन बिघडलं होतं म्हणे."

सेल्सोने टोपी डोक्यावर चढवली. मग स्वच्छ जर्मनमध्ये म्हणाला, "तू फारच चांगलं शिकवलंस, प्रोफेसर. मला सगळं कळलं."

महिन्याभरात तो मनिलाला परतला आणि पुन्हा ठोसे खाऊन मरू लागला. दत्तात्रयने दोन पत्रं टाकली, उत्तर आलं नाही.

तो आवाज कुठल्याच पडद्यावर नाही. म्हणून एवढंच मागणं आहे मायबापहो: उद्या देवापुढे हात जोडाल, तेव्हा आपल्या माणसांच्या जोडीला सेल्सो मगबानुआ हे नावही घ्या.