मिस्टर स्ट्रॅडविक नाबाद

शनिवारची सकाळ होती आणि केझाया टपर दारात बसून मिस्टर लायनेल स्ट्रॅडविक यांची विजार धूत होती. हे गृहस्थ हॅझलडाऊन क्रिकेट क्लबाचे कॅप्टन. ज्या दारात विजार धुतली जात होती त्या दाराचे आणि त्यामागच्या दोन खोल्यांचे मालकही तेच. गुडघ्यावरचे गवताचे डाग केझाया अशा त्वेषाने घासत होती की आत साहेब असते तर किंचाळले असते.

"अगं, फाटेल ती," पावाला चरबी फासत तिचा नवरा एनोक म्हणाला.

"फाटू दे. आत पाय नाहीत एवढंच वाईट वाटतंय."

एनोक क्लबाचा पगारी बॉलर होता. तशी हॅझलडाऊनमध्ये खेळाडूंची दोनच कुळं. साहेब लोक हौसेने खेळत, म्हणून ते पांढऱ्या फाटकातून मैदानात येत आणि तंबूत बसून थंड बीफ खात. पगारी लोक पोटासाठी खेळत, म्हणून त्यांनी तळ्याला वळसा घालून, डुकरांच्या खुराड्यामागून यायचं आणि गाड्या ठेवायच्या छपरात पाव-चीज खायचं. हा भेद देवानेच केला आहे असं पाद्रीबाबांचं मत होतं. ते पांढऱ्या फाटकातून येत.

चुलीपाशी एनोकचा थोरला भाऊ रूबेन लापशी खात बसला होता. वाटी डावीकडे सरकली की त्याला ती हाताने चाचपून शोधावी लागे. गेल्या ऑगस्टपर्यंत तोही बॉलर होता. सरावात स्ट्रॅडविकसाहेबांनी एक फटका मारला तो सरळ त्याच्या डाव्या डोळ्यावर बसला. डॉक्टर तिथेच, तंबूत जेवत होते. एनोकने भावाला खांद्यावर घेतलं आणि पांढऱ्या फाटकाकडे धावला, तर फाटकावरच्या नोकराने त्याला अडवून तळ्याकडे बोट दाखवलं. तळं, खुराडं, छप्पर असा फेरा झाला. मग डॉक्टरांचं पुडिंग संपेपर्यंत थांबणं झालं. शेवटी डॉक्टर आले, वाकून पाहिलं आणि म्हणाले, "थोडं आधी आणायला हवं होतं."

डोळा गेला. क्लबाने उदार होऊन रूबेनला अंपायर केलं. एका डोळ्याला साहेबांच्या निम्म्याच चुका दिसतील, असा समितीचा हिशेब असावा.

"डोळा गेला त्याचं मी एकवेळ सोसलं," केझाया विजार पिळत म्हणाली, "पण वर्ष होत आलं रे. एक तरी साहेब या उंबऱ्याशी येऊन म्हणाला का, रूबेन, कसं काय? त्यांची कुत्री शिंकली तरी घोडागाडी पाठवतात."

"विचारतील," एनोक म्हणाला.

"कधी? भाऊजी गेल्यावर?"

"आज विचारतील. पण केझाया, आज विचारलं तर उद्या हे घर राहणार नाही. बोल."

केझायाने विजार दोरीवर टाकली आणि तिच्या बुडावर एक सणसणीत चापट मारली.

"सामान आहेच कितीसं!" ती म्हणाली.

आता एनोकच्या डोक्यात काय होतं ते कळायला क्रिकेटचा एक कायदा माहीत हवा. फलंदाज कितीही आउट असला तरी बॉलरच्या बाजूने कुणीतरी अंपायरकडे वळून "कसं काय?" असं गर्जून विचारल्याखेरीज अंपायरने बोट वर करायचं नाही. न विचारलेल्याला उत्तर नाही. आणि मे महिन्यात एनोकने असंच "कसं काय?" विचारलं तेव्हा स्ट्रॅडविकसाहेबांच्या आत्याबाईंच्या हातातला चहा त्यांच्याच मांडीवर सांडला होता. दुसऱ्याच दिवशी समितीने नियम केला, की पगारी माणसाने साहेब लोकांसमोर आवाज चढवायचा नाही.

नियम म्हणजे नियम. एनोकने तो इतर दहा पगारी सोबत्यांना छपरात नीट समजावून सांगितला. ऐकताना विकेटकीपर जेम गॉस, जो एरवी चांभार होता, इतका हसला की त्याला चीजचा ठसका लागला.

दुपारी साहेब विरुद्ध पगारी हा वर्षाचा मोठा सामना सुरू झाला. आत्याबाईंसह गावातल्या सगळ्या मडमा छत्र्या उघडून बसल्या होत्या. स्ट्रॅडविकसाहेब शतक करणार असं त्यांनी स्वतःच सगळ्यांना सांगून ठेवलं होतं.

एनोकच्या तिसऱ्याच चेंडूने बॅटची कड घेतली आणि तो जेमच्या हातात गेला. टक् असा आवाज तंबूपर्यंत ऐकू आला. जेमने चेंडू शांतपणे परत फेकला. एनोक शांतपणे माघारी वळला. रूबेन आभाळाकडे बघत होता. साहेब निघण्यासाठी अर्धं पाऊल टाकून थबकले, इकडेतिकडे पाहिलं आणि पुन्हा उभे राहिले. कुणाला कळलं नाही असं त्यांना वाटलं.

मग त्यांचा झेल उडाला. तोही घेतला गेला, पण कुणीच विचारलं नाही. पुढे एका चेंडूने मधला स्टंप मुळासकट उखडला. जेमने तो अदबीने पुन्हा रोवला आणि वर दोन्ही बेल्स ठेवल्या.

"चांगला खेळताय, साहेब," तो हळूच म्हणाला. आवाज न चढवता.

साहेबांना हे आधी आवडलं. पन्नास धावा झाल्या तेव्हा त्यांनी टोपी काढून मडमांना अभिवादनही केलं. पण नंतर नंतर मडमा छत्रीआड हसू लागल्या. ऊन चढलं. एनोक वेगाने टाकत होता, अचूक, बरगडीवर, मांडीवर, बोटांवर. प्रत्येक चेंडूमागे त्याला खांद्यावरचं भावाचं ओझं आठवत होतं, आणि प्रत्येक चेंडू त्या ओझ्याइतका जड पडत होता. साहेबांच्या तळहाताची साल गेली. आपण होऊन निघून जावं, तर पगाऱ्यांनी हाकललं असं होणार. राहावं, तर हे असं. सहाव्यांदा झेल घेतला गेला तेव्हा मैदानाभोवतीचे गवळी, लोहार, मोळीवाले मोठ्याने मोजू लागले.

"टपर!" साहेब धापा टाकत म्हणाले. "विचार ना त्याला!"

"काय विचारू, साहेब?"

"तुला माहीत आहे काय ते!"

"आवाज चढवायची मनाई आहे, साहेब. आत्याबाई बसल्यात."

साहेबांचा चेहरा बीटासारखा झाला. त्यांनी बॅट आपटली, रूबेनकडे तोंड केलं आणि सगळं मैदान दणाणेल अशा आवाजात ओरडले,

"कसं काय?"

आत्याबाईंचा चहा सांडला.

रूबेनने सावकाश मान वळवली. डावी बाजू दिसत नसल्याने ती बरीच वळवावी लागली. त्याने टोपी काढली.

"बरं आहे, साहेब," तो म्हणाला. "डोळा गेला. रात्री ठणकतो. डावीकडून माणूस आला तर कळत नाही, तेवढं सोडलं तर बरं आहे. विचारलंत, आभारी आहे. वर्षात पहिल्यांदाच विचारलंत."

मोजणारे थांबले. एका मडमेने छत्री मिटली. डॉक्टर तंबूच्या दारात उभे होते ते आत गेले.

"सोमवारी घर खाली कर," साहेब दात खाऊन एनोकला म्हणाले.

"उद्याच करतो. सामान बांधून झालंय," एनोक म्हणाला. "पुढचा चेंडू टाकू?"

त्याने टाकला. आणखी टाकले. सावल्या लांबल्या, मडमा उठून गेल्या, साहेबांचेच दहा सोबती नजर चुकवत घरी गेले, तरी तो टाकत राहिला. शेवटी साहेबांनी बॅट तिथेच टाकली आणि ते एकटेच चालू लागले.

टपर मंडळी रविवारी वीटभट्ट्यांच्या गावाला गेली. जिथे सगळ्यांना एकाच दाराने घेतात तिथेच चेंडू टाकायचा, अशी एनोकने शपथ घेतली. तशी जागा मिळेना, म्हणून तो तीन हंगाम विटा वाहत होता. शपथ मोडली नाही. हॅझलडाऊनमध्ये नवा बॉलर आला नाही, जुने पगारीही पुन्हा खेळायला आले नाहीत. उरले सगळे साहेबच, तेव्हा चेंडू टाकायचा कुणी यावरून क्लब बंद पडला.

वाचकहो, आपल्या गावात कोणकोणती फाटकं आहेत ते आपल्याला ठाऊकच असेल. कायद्याने पाहिलं तर मिस्टर स्ट्रॅडविक आजही नाबाद आहेत. म्हातारे झालेत, बाजारात काठी टेकत फिरतात, भेटेल त्याला त्या खेळीची गोष्ट सांगू बघतात.

पण त्यांना आता कुणी विचारत नाही.