एकशे बारावं खोकं

खोकी ट्रकमध्ये चढत होती आणि मावशीचा पाय एका जागी ठरत नव्हता. नळापाशी जायची, परत यायची, एकशे बाराव्या खोक्याच्या झाकणावर हात ठेवायची. ड्रायव्हरने विचारलं, त्यात सोनं भरलंय का? तुझ्या अकलेपेक्षा जड आहे एवढं खरं, असं सुनावून तिने त्याला गप्प केलं.

शास्त्रज्ञांनी पाडलेलं भोक जमिनीच्या पोटात तीन किलोमीटरवर पोचलं होतं. तिथून वर येणारे दगडाचे दांडे धुवायचे, मोडलेल्या तोंडाला तोंड जुळवायचं आणि वरची बाजू कळावी म्हणून उजवीकडे तांबडी, डावीकडे निळी रेघ ओढायची, हे काम ती अकरा वर्षं करत होती. शाळा दुसरीपर्यंत. पण दगडाचं डोकं कुठलं आणि पाय कुठले, हे तिने कधी कुणा शिकलेल्याला विचारलं नव्हतं.

सकाळी एक तुकडा जुळवताना लेकीचा फोन आला. बोलता बोलता रेघा ओढल्या, खोकं भरलं, झाकण बसलं. आता हाताला आठवत होतं, ती तोंडं नीट बसली नव्हती. रेघा मात्र सरळ. चूक जन्मात कुणाला कळली नसती.

मुलगा इथेच फोरमन. डोळे अधू झालेत, आता पुरे कर, हा त्याचा रोजचा जप. परवाच चार माणसांत तिने त्याला ऐकवलं होतं, माझा एक तुकडा चुकलेला दाखव, त्या दिवसापासून घरी बसते.

ट्रकचं इंजिन सुरू झालं. मावशी आडवी जाऊन उभी राहिली आणि खोकी मोजून घेणाऱ्या शास्त्रज्ञ बाईंना म्हणाली,

"मॅडम, एकशे बारा उघडा. मधला तुकडा मी उलटा ठेवलाय."

मॅडमनी स्क्रू काढले, तुकडा फिरवला. तोंडं अशी बसली की नखाएवढी फट राहिली नाही. लाखो वर्षांपूर्वी पृथ्वीच्या चुंबकाची उत्तर दिशा कुठे होती, ते या दगडांवरून मोजायचं होतं, उलट्याने उलटंच सांगितलं असतं, असं म्हणून त्यांनी जुन्या रेघा पुसल्या.

मुलगा जवळ आला. खाली बघत म्हणाला, "आई, राहू दे. मी काही बोललोय का?"

"तू कुठे बोललास? बोलले होते मी."

ट्रक गेला. नवा दांडा वर आला, खालची ऊब धरून. मावशीने सवयीने त्यावर हात ठेवला आणि रेघा न ओढता तो गार होईपर्यंत तशीच उभी राहिली.