चोरीच्या सिनेमातले पाय

"अरे, तोंड तरी दाखवा कुणाचं. नुसते बूट काय बघायचे?" सोफ्यावर माझ्या शेजारी बसलेले भाऊजी मोबाइलमध्ये नाक खुपसून पुटपुटले.

मी डोकावले. परवाच लागलेला सिनेमा होता, चोरून टिपलेला, फुकटातला. आणि सिनेमा आमचाच. म्हणजे ह्यांचा. हे सिनेमांना पावलांचे आवाज देतात. पडद्यावर कुणीही चालो, स्टुडिओत फरशीवर, वाळूत नाहीतर पाचोळ्यात प्रत्यक्ष चालतात ते हे. नायिकेचे उंच टाचांचे सँडलसुद्धा ह्यांच्याच मापाचे शिवून घेतलेत.

मोबाइलवर नायक हमसून रडत होता आणि दिसत होत्या त्याच्या बुटांच्या नाड्या. नायिका त्याच्या गळ्यात पडली, तर दिसले चार घोटे. ती टाचा वाजवत निघून गेली, तेव्हा टिपणाऱ्या मोबाइलच्या अगदी जवळून कुणीतरी हळूच म्हणालं, "शाब्बास."

हे 'शाब्बास' आमच्या घरात ऊठसूट ऐकू येतं. नळ नीट बंद केला तरी मिळतं.

भाऊजींनी माझ्याकडे पाहिलं, मी ह्यांच्याकडे, ह्यांनी पंख्याकडे. सासूबाई समोर मटार सोलत होत्या.

तेवढ्यात निर्मातीबाईंचा फोन आला. ह्यांनी घाबरून तो स्पीकरवरच घेतला. बाईंचा आवाज पार बसला होता. ही प्रत सुटली आणि दुसऱ्या दिवसापासून थिएटरं ओस पडली, म्हणाल्या. टिपलंय ते आपल्या माणसांसाठी ठेवलेल्या खेळात. कुणी टिपलं ते कळेपर्यंत त्या खेळाला आलेल्या कुणालाच पुढचं काम मिळणार नाही, ह्यांनाही नाही.

मग आम्ही तिघं सुटलोच. भाऊजी म्हणाले, कॅमेऱ्याची मान मोडली असेल. हे म्हणाले, एखादा बूटविक्या आला असेल. मला काय सुचलं कोण जाणे, मी म्हटलं, माणूस फार बुटका असेल, त्याला तेवढंच दिसलं असेल.

"किती बुटका?" बाईंनी गंभीरपणे विचारलं.

भाऊजींनी उशीत तोंड खुपसलं. मला ठसका लागला. ह्यांचे खांदे गदगदायला लागले. हातातलं काम जातंय आणि हा माणूस हसतोय. हसता हसता डोळे पुसले ह्यांनी, पण नाव काही घेतलं नाही.

सासूबाईंनी मटारचं ताट बाजूला सारलं, पदराला हात पुसले आणि फोन ओढून घेतला.

"बाई, ते मी काढलं. बहिणीला गुडघ्यांमुळे येता आलं नाही, तिला दाखवायला. तिनं पुढे कुणाकुणाला धाडलं, तिलाच माहीत. तोंडं काय, सगळेच बघतात हो. माझ्या लेकाचे पाय कुणी बघत नाही." त्या जरा थांबल्या. "पण चोरी ती चोरीच. आणि ती मी केली, त्यानं नाही."