‘मी’ न म्हणणारा माणूस

दुपारी माझ्याकडच्या किल्लीनं दार उघडलं आणि पाय दारातच थिजले. आतल्या खोलीत बाबा गात होते.

बाबांना जाऊन वर्ष उलटलं होतं. देवाच्या कथा गाऊन सांगण्यात त्यांचा जन्म गेला. त्यांच्या सगळ्या कॅसेट मला पाठ. ही कथा त्यांत नव्हती.

खोलीत आई आणि दादा. पुढ्यात वाटीएवढा स्पीकर.

“काय लावलंयस हे?”

“लावलं नाही, तिथंच तयार होतंय,” दादा म्हणाला. “कंपनीला कॅसेट दिल्या, त्यांनी यंत्राला बाबांसारखं बोलायला शिकवलं. आता रोज नवी कथा, वर आईशी गप्पा. भूत बघितल्यासारखी काय उभी राहिलीस?”

“बघितलं नाही, ऐकतेय.”

गाणं थांबलं. “आलीस का गं, टिटवे?”

हे नाव कुठल्याच कॅसेटमध्ये नव्हतं.

“मीच सांगितलं सकाळी,” आई हसली. “लेकीला काय म्हणायचो, विचारत होते.”

“अगं, बाबा हे विचारतील का?”

आई काही बोलणार, तोच आवाज आला, “मी जरा विसरलो गं.”

आईचं हसू मावळलं. बाबा स्वतःला कधीच ‘मी’ म्हणत नसत. देवापुढे कसला आलाय मी? घरातसुद्धा ‘ह्याला भूक लागलीय’, ‘हा निघाला’ असंच. कॅसेटमध्ये ‘मी’ यायचा तो कथेतल्या राजांच्या, चोरांच्या तोंडी. यंत्रानं तोच उचलला होता.

“तुम्ही ते नव्हेच,” आई म्हणाली. “ते ‘मी’ नाही, ‘हा’ म्हणायचे.”

माझा जीव भांड्यात पडतोय तोच स्पीकरमधून बाबांचा खोल श्वास आला.

“चुकलं ह्याचं. आणखी काय काय म्हणायचा हा? सांग ना.”

आईचे डोळे भरले, ओठ उघडले. मी झेप घेऊन तिच्या तोंडावर हात ठेवला. टेपवर नसलेले बाबा आता फक्त तिच्यापाशी उरले होते.

“दादा, बंद कर ते!”

दादा पांढराफटक पडला होता. बटण दिसत असून त्याचा हात पुढे होईना.

आईनं माझा हात बाजूला केला, मनगट घट्ट धरलं आणि मला ओढत जिन्यात नेलं. तिथं माझ्या कानाशी तोंड आणून ती बाबांची एकेक गोष्ट कुजबुजू लागली. घाईघाईनं, श्वाससुद्धा न घेता.

आतून हाक आली, “ह्याला ऐकू येत नाही गं. जरा मोठ्यानं बोल.”