शंभर पावलं

बाळांनो, जमिनीची एक चिंचोळी पट्टी डोळ्यांसमोर आणा. एका अंगाला खाडी, दुसऱ्याला समुद्र. ते आपलं देवबाग. तिथे एका घराच्या पायरीवर धोंडू जाळं शिवतोय, दारात त्याची नऊ वर्षांची रिया उभी आहे आणि अंगणात पुण्याहून माहितीपट करायला आलेली प्राजक्ता कॅमेरा घेऊन बसलीय.

"कोणी धाडल्यान तुमका?" धोंडूने तिसऱ्यांदा विचारलं.

"कोणीच नाही, काका. जगभर समुद्र चढतोय. किनाऱ्यावरच्या माणसांचं काय होतं, ते दाखवायचंय."

"जगाचा जगाक दाखवा. माझा घर कित्याक?"

त्याचा संशय उगाच नव्हता. दोन वर्षांपूर्वी असाच एक गोड बोलणारा आला, चहा प्यायला, फोटो काढून गेला. मग शेजारच्या बाबलीला सरकारी कागद आला: घर धोक्यात आहे, दुरुस्ती करू नये. बाबलीची भिंत अजून अर्धीच आहे.

"तुमच्या लहानपणी समुद्र कुठे होता?"

"हयच होतो."

रियाने बापाकडे पाहिलं.

प्राजक्ताने विषय बदलला. "नारळी पौर्णिमेला नारळ कुठे सोडता?"

धोंडूच्या हातातली सुई थांबली. चेहरा खुलला. "आमची जागा ठरलेली आसा. माझ्या आज्यान मोजून दिलेली. ह्या पायरीवरसून शंभर पावलां वाळू, मगे गुडघ्याभर पाणी. एक पावल कमी नाय." हात लांब करून त्याने जागा दाखवली. हात दाखवत होता तिथे लाटा फुटत होत्या, पार आत.

"आणि आता किती पावलं होतात?"

धोंडूने हात खाली घेतला.

"तां पुसून टाका," तो म्हणाला.

"काका, हेच तर..."

"पुसा म्हणतंय."

प्राजक्ताने दोन-तीन बटणं दाबली. "पुसलं."

धोंडूने कॅमेरा मागून घेतला आणि रियाकडे दिला. "तुका कळता. बघ गो, गेला काय?"

गेलं नव्हतं. छोट्या पडद्यावर बाप हसत होता, हात लांब करून आज्याची जागा दाखवत होता. रियाने त्याला असं हसताना फार कमी वेळा पाहिलं होतं. तिने ते शेवटपर्यंत पाहिलं. मग मान वर केली. प्राजक्ता वाळूकडे बघत होती.

रियाने बटण दाबलं. नक्की पुसायचं का, असं कॅमेऱ्याने विचारलं. तिने पुन्हा दाबलं.

"आता गेला," ती म्हणाली.

कॅमेरा प्राजक्ताच्या हातात देऊन ती पायरीवर जाऊन उभी राहिली आणि समुद्राकडे चालू लागली, ओठांतल्या ओठांत मोजत. एकोणिसाव्या पावलाला पाणी लागलं. गुडघे बुडेपर्यंत ती पुढे गेली आणि मागे वळून घराकडे बघत उभी राहिली.